कॅमेरा आला, तिकीट खिडकी कुठंय?

आपल्या रनाळ्याकडची पोरं मोबाईलवर अहिराणी व्हिडिओ काढतात. आपण बघतो, हसतो, फॉरवर्ड करतो आणि वर म्हणतो, "पोटापाण्याचं बघा जरा!"

भाऊ, पोटापाण्याचं उत्तर मालेगावात आहे. नासिर शेख यांचं तिथं व्हिडिओ पार्लर होतं. 2000 च्या सुमारास त्यांनी 'मालेगाव के शोले' काढला, खर्च साधारण 50 हजार. कलाकार गावातलेच. कॅमेरा फिरवायला सायकल, उंचावर न्यायला बैलगाडी! 2025 मध्ये त्यांच्यावर 'सुपरबॉइज ऑफ मालेगाव' हा हिंदी सिनेमा आला.

सगळे त्या जुगाडाचं कौतुक करतात. मला महत्त्वाचं वाटतं ते दुसरंच. पडदा त्यांचा स्वतःचा होता आणि लोक तिकीट काढून बसत होते. घातलेला पैसा परत आला, म्हणून पुढचा सिनेमा निघाला. निर्माता म्हणजे नुसता हौशी माणूस नाही, आधी खिशातले घालून मग वसूल करणारा माणूस. दादासाहेब फाळक्यांनी विमा पॉलिसी गहाण टाकली, तीही प्रेक्षकांच्याच भरवशावर.

आज पोरांकडे कॅमेरा आहे, तिकीट खिडकी नाही. यूट्यूबचे पैसे कधी येतात, कधी नाही.

तमाशाला आपण वर्गणी देतोच ना? मग एक रात्र चौकात पडदा बांधू. माणशी 20 रुपये. सगळे पैसे पोरांना, हिशेब फळ्यावर.

पहिलं तिकीट माझं. दुसरं कोणाचं?