चित्रांतील मूक अक्षरें

आमच्या वसईहून रोज सकाळीं लोकलनें मुंबईस जाणाऱ्या तरुणांत आमचा एक पुतण्या आहे. कारखान्यांतील नळांचीं चित्रें तयार करणें हा त्याचा व्यवसाय. परवां त्यानें असें एक चित्र घरीं आणलें, तेव्हां माजघरांतील मंडळींनीं विचारलें, "हें सारें तिरकस कां?"

'आयसोमेट्रिक' नांवाची ही पद्धति केंब्रिजचे अध्यापक विल्यम फॅरिश यांनीं १८२२ सालीं विवरून मांडली. उभा नळ उभाच काढावयाचा. आडव्या दोन्ही दिशांचे नळ क्षितिजरेषेशीं ३० अंशांनीं कलते ठेवावयाचे. त्यामुळें लांबी, रुंदी व उंची एकाच कागदावर दिसतात.

हल्लीं हें चित्र संगणक काढतो. 'आयसोजेन' या प्रचलित प्रणालींत प्रत्येक भागास बहुधा चार रोमन अक्षरांची संज्ञा असते. 'ईएलबीडब्ल्यू' यांतील पहिलीं दोन अक्षरें 'एल्बो', म्हणजे वळणाचा तुकडा, सुचवितात. शेवटचीं दोन सांगतात कीं, नळ तोंडास तोंड लावून वेल्डिंग करावयाचा. तेथें 'एसडब्ल्यू' आलें तर नळ खोबणींत सरकवावयाचा. कागदावर हीं अक्षरें उमटत नाहींत. परंतु आकृति ठरते ती त्यांच्याच आज्ञेनें.

हें ऐकून आम्हांस पाणिनीचे अनुबंध आठवले. 'क्त' प्रत्ययांतील क् उच्चारांत राहत नाहीं, पण गुणास अडवितो. म्हणूनच 'कृ'पासून 'कृत' होतें. आणखीही एक साम्य आहे. 'एफएल' हीं अक्षरें संज्ञेच्या आरंभीं आलीं तर 'फ्लँज' हा भागच समजावयाचा; व्हॉल्व्हच्या संज्ञेच्या शेवटीं आलीं तर त्याचीं टोंकें फ्लँजनें जोडावयाचीं, असा अर्थ. माहेश्वर सूत्रांत ण् दोनदां आल्यानें 'अण्' कोठवर घ्यावा असा प्रश्न पडतो, त्यांतलाच हा प्रकार.

मात्र संज्ञा केवळ आकृति ठरविते. कोणता माल घ्यावयाचा, त्याचें वर्णन निराळें लिहिलेलें असतें. पुतण्याच्या हातून गेल्या वर्षीं येथेंच चूक झाली. यादींत माल बरोबर, पण संज्ञेंत 'बीडब्ल्यू'ऐवजीं 'एसडब्ल्यू'. यंत्रानें कांहींएक तक्रार न करतां खोबणीचा सांधा काढून दिला. चित्र इतकें सुबक होतें कीं, तपासणाऱ्यांच्याही नजरेंतून तें सुटलें. शेवटीं एका वृद्ध फिटरनें यादी व चित्र शेजारीं ठेवून पाहिलीं, आणि करवत लावण्यापूर्वीं विचारणा केली. सांधा बदलला कीं कापावयाच्या नळाची लांबीही बदलते. आणि आंखूड कापलेला नळ पुन्हां वाढत नाहीं.

पुतण्या चार दिवस खिन्न होता. आम्हीं त्यास बोल लाविला नाहीं. वह्या तपासतांना सुवाच्य अक्षरास भुलून आम्हींही चुकीच्या उत्तरांस गुण दिलेले आहेत. आतां तो प्रत्येक संज्ञा मालाच्या वर्णनाशीं ताडून मगच चित्र हातावेगळें करतो. आणि कधीं न पाहिलेल्या त्या फिटरचा उल्लेख आमच्या घरांत आदरानें होतो.