तीन मतांतलं आपलं कोणतं?



डिसेंबर २०२५ मध्ये नंदुरबारला गेलो होतो. नगरपरिषदेची निवडणूक होती आणि माझं नाव अजून तिथल्याच यादीत आहे. गोदीतल्या दोन पाळ्या बुडाल्या. मुकादमाच्या शिव्या खाल्ल्या. गाडीभाडं गेलं ते वेगळंच. माय आणि मी रांगेत उभे राहिलो. आत तीन मतं द्यायची होती. एक नगराध्यक्षाचं, एक प्रभागातल्या अ जागेचं, एक ब जागेचं. बाहेर आल्यावर शाई लागलेलं बोट पदराला पुसत माय म्हणाली, "या तीन मतस्मा आपलं कोणतं शे रे?"

मी मॅट्रिक झालेला, कविता करणारा, सभेत भाषण ठोकणारा. माझी दातखीळ बसली. परतीच्या गाडीत रात्रभर तेच डोक्यात. हा लेख म्हणजे मायच्या सवालाचा उशिरा आलेला जबाब आहे.

आपल्यातले काही जण लगेच म्हणतील, निवडणुकीचं काय घेऊन बसलास? सगळे चोर. मत देऊन कुणाच्या घरी दिवा लागला? खरंय. पण मग मला सांगा, मत जर इतकं फुकाचं आहे, तर मतदारसंघाची रेघ कुठून न्यायची यासाठी हे प्रस्थापित एवढे का झोंबतात? मुंबई सोडून बाकीच्या महापालिकांचा हिशोब बघा. २००२ ला तीन सदस्यांचा प्रभाग. २००७ ला एकाचा. २०१२ ला दोघांचा. २०१७ ला चौघांचा. पुढच्या सरकारने आधी एकाचा केला, मग तिघांचा केला. २०२२ ला सरकार उलटलं, पुन्हा चौघांचा. मुंबईत २२७ नगरसेवक होते, ते २३६ केले, आणि २०२२ च्या ऑगस्टात दुसऱ्यांनी परत २२७ वर आणले. या भानगडी आणि कोर्टकज्जे चालू असताना मुंबई पालिकेची मुदत मार्च २०२२ मध्ये संपली, निवडणूक झाली जानेवारी २०२६ मध्ये. जवळपास चार वर्षं एवढ्या मोठ्या शहराला एक नगरसेवक नव्हता. ज्या रेघेसाठी हे लोक चार वर्षं शहर बिननगरसेवकाचं ठेवतात, ती रेघ फालतू असेल?

ही रेघ मारतात कशी, ते आधी समजून घ्या. शहराची जनगणनेतली लोकसंख्या घ्यायची. तिला सदस्यांच्या संख्येने भागायचं. सरासरी येते. दहा टक्के खालीवर चालतं. मग शहराच्या उत्तर टोकापासून सुरू करून ईशान्य, पूर्व असं नागमोडी वळत दक्षिणेला थांबायचं. जनगणनेचा प्रगणक गट फोडायचा नाही. हद्द शक्यतो रस्ता, नाला, नदी, रूळ यांवरून न्यायची. आणि निवडणूक आयोगाच्या सूचनांत आणखी एक वाक्य असतं. अनुसूचित जाती-जमातींच्या वस्त्यांचं शक्यतो विभाजन होऊ देऊ नये.

शक्यतो! दोस्तांनो, हा शब्द नीट बघून ठेवा. कायद्याच्या पोत्याला पडलेलं हे भोक आहे. धान्य इथूनच सांडतं.

गोदीत बोटीवरून माल उतरतो तेव्हा टॅली क्लार्क नग मोजतो. पोती तीच, पाठ आमचीच. पण नोंद या खात्याऐवजी त्या खात्यात पडली की मालाचा मालक बदलतो. वस्तीचंही तसंच आहे. माणसं तीच, घरं तीच. रेघ नाल्याच्या अलीकडून गेली की पलीकडून, एवढ्यावर ठरतं की वस्ती कुणाच्या खात्यात.

मी मुंबईत राहतो त्या वस्तीच्या मधून नाला जातो. २०२५ च्या पावसाळ्यात प्रभागांचं प्रारूप लागलं. नाल्याच्या या अंगाची घरं एका प्रभागात, त्या अंगाची दुसऱ्यात. बुद्धविहार इकडे, नळ तिकडे. वस्तीतल्या पोरांनी हरकत घ्यायची ठरवली. माझं मत तिथं नाही, पण अक्षर बरं, म्हणून अर्ज मी लिहिला. सुनावणीला तिघे गेले, तिघांची हाजरी बुडाली. साहेबाने ऐकून घेतलं. म्हणाला, नाला ही नैसर्गिक हद्द आहे. च्यायला, पावसाळ्यात तोच नाला घरात शिरतो तेव्हा तो कुणाची हद्द पाळतो? रेघ जागची हलली नाही. आता गटाराची तक्रार घेऊन या नगरसेवकाकडे गेलं तर तो म्हणतो नाला त्याचा, आणि त्याच्याकडे गेलं तर तो म्हणतो नाला याचा.

हा झाला वस्ती फोडण्याचा प्रकार. दुसरा प्रकार जास्त सभ्य आहे. त्यात वस्ती फोडत नाहीत, बुडवतात. समजा, एक वस्ती आहे चार हजारांची. प्रभाग दहा हजारांचा असेल तर वस्ती शंभरात चाळीस. तिला वगळून कुणाला निवडून येणं अवघड. आता असे चार प्रभाग जोडून एक करा आणि त्याला चार जागा द्या. चाळीस हजारांत वस्ती झाली शंभरात दहा. वरून म्हणायचं, बघा, तुमच्यासाठी अ जागा राखीव ठेवली आहे! जागा आपली, पण तिच्यावर माणूस बसवणार चाळीस हजार. उमेदवार जयभीमवाला, गाडी पक्षाची, झेंडा पक्षाचा, तोंड पक्षाचं. निवडून आल्यावर तो वस्तीत कशाला येईल? त्याला वस्तीने निवडलेलंच नाही.

हे दुखणं आजचं नाही. १९३२ च्या ऑगस्टात स्वतंत्र मतदारसंघ मिळाले होते. अस्पृश्यांच्या जागा ७१, पण त्या जागांवर कोण बसणार हे अस्पृश्यांच्या मतावर ठरणार होतं. २४ सप्टेंबरला येरवड्यात करार झाला. जागा ७१ च्या १४८ झाल्या, आणि शेवटचा कौल सगळ्यांच्या हातात गेला. जागा वाढल्या आणि किल्ली गेली. शाळेच्या पुस्तकात फक्त वाढलेला आकडा शिकवतात.

आता पुढचं ऐका. १९३७ ची प्रांतिक निवडणूक. मताचा हक्क मोजक्यांनाच होता. पण मुंबई इलाख्यात एकाहून जास्त जागांचे जे मतदारसंघ होते, तिथे एक सोय होती. जितक्या जागा तितकी मतं, आणि ती सगळी एकाच उमेदवाराला देता येत. गिरणीतला महार आपली सगळी मतं एका नावावर ओतू शकत होता. भायखळा-परळमधून बाबासाहेब निवडून आले. मग स्वातंत्र्य आलं, प्रत्येक प्रौढाला मत आलं, राज्यघटना आली. १९५२ ला उत्तर मुंबईचा लोकसभा मतदारसंघ दोन जागांचा होता, एक सर्वसाधारण, एक राखीव. मतदाराला मतं दोन, पण दोन्ही एकालाच देण्याची मुभा काढलेली. राखीव जागेवर नारायण काजरोळकर निवडून आले. घटनेचा शिल्पकार साडेचौदा हजारांच्या आसपास मतांनी पडला. १९५४ ला भंडाऱ्याच्या पोटनिवडणुकीतही तेच. बाबासाहेब पडले याला कारणं पुष्कळ होती, मी सगळं नियमाच्या डोक्यावर थापत नाही. पण आपल्या माणसांनी आपली मतं एका जागी आणू नयेत याची सोय त्या नियमात होती, हे मी छातीवर हात ठेवून सांगतो.

दोन जागांचे मतदारसंघ १९६१ च्या कायद्याने लोकसभा-विधानसभेतून गेले. आणि पुढे नगरपालिका-महापालिकांच्या दारातून आत आले. अ, ब, क, ड अशी नावं घेऊन. प्रत्येक जागेला एक मत, तीन मतं एकाला देता येत नाहीत. मायचा सवाल तिथूनच निघालाय. १९३७ चा नियम असता तर अ आणि ब ची दोन्ही मतं तिने एका नावावर ठेवली असती आणि तिला विचारावंच लागलं नसतं.

आता माझ्या नंदुरबारकडे या. १९९८ च्या १ जुलैला धुळ्यातून तोडून हा जिल्हा झाला. शंभरात सत्तरच्या जवळपास माणूस आदिवासी. विधानसभेच्या चार जागा, अक्कलकुवा, शहादा, नंदुरबार, नवापूर. चारही जमातींसाठी राखीव, लोकसभेची जागाही राखीव. पण शहादा आधी खुला होता. १९७२ ला तिथे श्रमिक संघटना उभी राहिली, जमिनीसाठी, मजुरीसाठी, सालदारकीविरुद्ध. आदिवासी बायका रस्त्यावर आल्या. मोर्चे शहाद्यात निघत होते आणि आमदारकी बागाईतवाल्या मोठ्या शेतकऱ्यांच्या ओट्यावर नांदत होती. २००८ ला नवी रेघ आली. तळोदे नावाचा मतदारसंघ नकाशावरून गेला, तळोदे तालुका शहाद्याला जोडला, आणि शहादा राखीव झाला. लढा १९७२ चा, रेघ २००८ ची. छत्तीस वर्षं! पण बदलली. आदिवासी भावांनो, ती तुमची आहे, राखा. तिकिटं चार घरांतच फिरतात, ते फिरणं मोडा.

आणि आपण? नंदुरबारात दलित मोजकेच. तिथं आपल्यासाठी आमदारकीची एकही जागा नाही, आणि त्याची तक्रार मी करत नाही. आपली गोष्ट वेगळ्याच जागी अडली आहे. २००२ चा परिसीमन कायदा उघडा. जमातींच्या जागा कुठे ठेवायच्या? जिथे त्यांचं प्रमाण सर्वांत जास्त असेल तिथे. आणि जातींच्या? राज्याच्या निरनिराळ्या भागांत विखरून, जिथे प्रमाण तुलनेने जास्त असेल तिथे. शक्यतो. पुन्हा तेच भोक! जमातींना सर्वांत जास्त, आपल्याला तुलनेने जास्त आणि विखरून. आपण राहतोच विखरून, गावाच्या कडेला वीस-पंचवीस घरं, तेव्हा कुठल्याच मोठ्या रेघेत आपण निम्मे होत नाही. २००८ ला महाराष्ट्र विधानसभेत आपल्या जागा १८ च्या २९ झाल्या. पुन्हा आकडा वाढला. किल्लीचं काय? मुंबईत धारावी आणि कुर्ला राखीव आहेत, लोकसभेच्या सहापैकी एकही नाही. पण शहरात, लहान प्रभागात, चाळीत, झोपडपट्टीत आपण एका जागी आहोत. किल्ली हाती येण्याची शक्यता असेल तर इथंच. म्हणून इथंच प्रभाग फुगवतात.

कुणी विचारेल, वस्ती एका रेघेत ठेवा म्हणतोस, म्हणजे नवा महारवाडाच मागतोस की काय? सवाल रास्त आहे. सगळी वस्ती एकाच प्रभागात कोंबली तर एक नगरसेवक आपला आणि आजूबाजूचे दहा आपल्याला विचारणार नाहीत. म्हणून मी कोंबायला सांगत नाही. प्रभाग लहान ठेवा, एक सदस्याचा ठेवा, आणि वस्तीच्या पोटातून सुरी फिरवू नका. नाहीतर अनेक जागांचाच ठेवायचा असेल तर मतं एका नावावर ओतण्याचा १९३७ चा हक्क परत द्या. याहून जास्त मी काही मागत नाही.

आणि रेघेच्याही आधी मोजणी असते. अक्कलकुवा-धडगावच्या डोंगरातली माणसं दिवाळी झाली की कोयता घेऊन गुजरातच्या उसात उतरतात. २०११ ची शिरगणती ९ ते २८ फेब्रुवारीत झाली. त्या दिवसांत घराला कुडाचं दार लावलेलं. माणूस बारडोलीकडे फडात, पालात. मोजला गेला तर तिकडे, नाहीतर कुठेच नाही. नव्या जनगणनेची शिरगणतीही फेब्रुवारी २०२७ चीच ठरली आहे, ऐन उसाच्या हंगामात. या खेपेला जातही विचारणार आहेत. पुढच्या सगळ्या रेघा याच आकड्यांवर पडणार. मोजणी चुकली तर नंतरचे मोर्चे दहा वर्षं रिकाम्या घरांपुढे काढावे लागतील.

बहिष्कार? तोही आपण करून पाहिला आहे. १९७४ च्या जानेवारीत मध्य-दक्षिण मुंबईची पोटनिवडणूक होती. पँथरने बहिष्कार पुकारला. वरळी पेटली, भागवत जाधव गेला. काँग्रेसचे रामराव आदिक पडले, कम्युनिस्टांच्या रोझा देशपांडे आल्या. वरळी-नायगावच्या चाळी त्या एका मतदारसंघात गच्च होत्या, म्हणून मत न देण्यालाही वजन आलं. तीच वस्ती चार तुकड्यांत असती तर बहिष्काराची कुणी बातमीही छापली नसती. त्याच मुंबईत २०१७ ला शहर भागातले सात प्रभाग उपनगरांकडे गेले. चाळी रिकाम्या होत गेल्या, माणसं लांब फेकली गेली आणि रेघा त्यांच्यामागून सरकल्या. मतपेटीला जाणारा असो की तिला लाथ मारणारा, दोघांच्या पायाखाली रेघ आहे.

तेव्हा काम सांगतो, कविता नंतर. प्रत्येक शाखेने आपल्या शहराच्या प्रभागाचा नकाशा मिळवा आणि विहारात लावा. कुठली घरं कुठल्या प्रभागात, ते घरोघर जाऊन लिहा. फेब्रुवारी २०२७ ला उसाच्या फडात जा, पालातला माणूस मोजला गेला की नाही ते बघा. पुढचं प्रारूप लागेल तेव्हा तिघे नको, तीनशे हरकती द्या, आणि सुनावणीला अख्खी वस्ती न्या. हाजरी बुडेल. बुडू द्या.

गावकुसाबाहेरची रेघ आपल्या आज्याला न विचारता मारली होती. प्रभागाची रेघ मारताना हरकत मागवतात, निदान कागदावर तरी. तो कागद आपण कोरा का सोडायचा?

मायला मी परवा फोनवर सांगितलं, या तिन्हींतलं एकही मत अजून आपलं नाही. ती थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "मंग करी ले ना आपलं."