वाघाला दरबार नसतो

पंचतंत्रातील पिंगलक सिंह दमनक कोल्ह्याच्या कानगोष्टींनी फसला, सबब नेत्याने कोणाचेच ऐकू नये, टिपेश्वरच्या वाघाप्रमाणे एकट्याच्या पराक्रमावर मुलूख राखावा, असा सिद्धान्त आमच्या यवतमाळ जिल्ह्यातील एका व्याख्यानपटू विद्वानांनी मांडला आणि त्यावर टाळ्याही पडल्या, हे ऐकून खेद झाला. आश्चर्य मात्र झाले नाही. कथेत पिंगलकाचे राज्य शाबूत राहते आणि जीव जातो तो निरपराध संजीवक बैलाचा, ही क्षुल्लक बाब आपण सोडून देऊ.

वाघ मात्र सोडवत नाही. ज्याला हे सम्राट म्हणतात, त्याच्या अमलाखाली एकही प्रजाजन नसतो. चितळ आणि रोही त्याला पाहून मुजरा करीत नाहीत, पळतात. हद्दीची त्याची सनद म्हणजे बुंध्यावर उडविलेली मूत्राची धार. तिचा वास उडाला की वहिवाट संपली, म्हणून स्वारीला तेच बुंधे पुनःपुन्हा हुंगत अन् भिजवीत हिंडावे लागते, आणि एखादा बलवत्तर नर आला म्हणजे ना अर्ज, ना अपील. टिपेश्वरचे अभयारण्य सुमारे 148 चौरस किलोमीटरचे. तेथे जन्मलेला एक तरुण नर 2019 साली, गळ्यात रेडिओ-कॉलर घेऊन, तेलंगणाच्या हद्दीतून वळसे घालीत, शेताशेतांतून बहुधा रात्रीच मार्ग काढीत, 1,300 किलोमीटरांहून अधिक चालून बुलढाण्याच्या ज्ञानगंगा अभयारण्यात पोहोचला. हा आदर्श गिरवायचा ठरल्यास केळापूर-घाटंजीचे समस्त पुढारी पायीच बुलढाण्यास निघतील, एवढा लाभ त्यात आहे खरा.

पंचतंत्रातल्याच निळ्या कोल्ह्याविषयीही या मंडळींशी आमचा जुना वाद आहे. कोल्हेकुईने तो बुडाला, असे ते म्हणतात; वस्तुतः सिंहव्याघ्रांना मनसबी वाटून त्याने स्वजातीला गचांडी दिली, तेव्हाच त्याचा निकाल लागला होता.

आमचे म्हणणे थोडके आहे. पिंगलक यमुनेवर पाणी प्यायला आला, बैलाचे डुरकणे ऐकून घाबरला, आणि ते भय झाकण्यासाठी तहानलेलाच परतून, भोवती परिवार मांडून वडाखाली बसला; दमनकाचे दुकान उघडले ते तेथे. ‘हा आवाज कसला?’ असे त्याने भर दरबारात विचारले असते, तर कोणीही जाऊन पाहून आला असता. नेत्याने पुष्कळांचे ऐकावे, म्हणजे एकाची मक्तेदारी राहत नाही. विद्वानांना हे पटणार नाही. कोणाचेच ऐकू नये, हा आपला सिद्धान्त ते स्वतः तरी निष्ठेने पाळतात.