विदूषकाची बोली

भद्रावतीच्या कोळसा खाणी मागे टाकून पूर्वेकडे निघाले, की पुढे धानाच्या बांध्या लागतात आणि झाडीपट्टीचा मुलूख येतो. दिवाळीनंतर धान घरात आले, की या मुलखात रात्र-रात्र नाटके चालतात. वडसा हे नाटक मंडळांचे मुख्य ठाणे. नायकाइतकाच मान इथे विनोदी नटाला. गडचिरोलीच्या परशुराम खुणे यांना २०२३ साली पद्मश्री मिळाली, तेव्हा अवघी झाडी सुखावली.

मात्र एक गोष्ट खटकते. या नाटकांत नायक-नायिका बहुधा प्रमाण मराठीत बोलतात. झाडीबोली येते ती मुख्यतः विनोदी पात्राच्या तोंडी.

ही वाटणी आजची नव्हे. शाकुंतलात दुष्यंत संस्कृत बोलतो आणि विदूषक प्राकृत. भरताच्या नाट्यशास्त्राने तर हास्याचे सहा प्रकार पाडून त्यांची प्रतवारीच लावली: उत्तमाने स्मित करावे, खदखदून हसावे ते अधमाने! गंमत अशी, की विदूषकाच्या पदरी बांधलेल्या त्या प्राकृताच्याच कुळात आपली मराठी जन्मली. आज ती प्रमाण झाली आणि आपल्याच बहिणींना तिने विदूषकाच्या जागी बसवले.

बँकेच्या नोकरीत एका शाखेत मी पाहिले आहे. पीककर्जासाठी आलेला शेतकरी ‘पानी’ म्हणाला, की काउंटरमागे हशा पिकायचा. पुढच्या खेपेला तो शाळकरी मुलाला बोलायला पुढे करी आणि स्वतः मागे उभा राही. त्या विनोदाचा खर्च हसणाऱ्यांच्या खात्यावर कधीच पडला नाही.

म्हणजे विनोद नको, असे नव्हे. विदर्भातच वकिली केलेल्या श्रीपाद कृष्ण कोल्हटकरांनी ‘सुदाम्याचे पोहे’मध्ये टर उडवली ती आपल्याच पांढरपेशा समाजाच्या रूढींची आणि भाबड्या समजुतींची. ते हसू घरच्यांवर होते, दारात आलेल्या गरजवंतावर नव्हते.

कोणी म्हणेल, झाडीचा प्रेक्षक स्वतःलाच हसतो, मग बिघडले कुठे? खरे आहे. बोलीतला गडी मालकाला निरुत्तर करतो तेव्हा मीही टाळी वाजवतो. पण ज्या बोलीत आपण फक्त हसायचेच ठरवले, त्या बोलीत आपले दुःख कोण मांडणार?

म्हणून झाडीच्या नाटककारांना एक विनंती. येत्या हंगामात एक तरी शोकांतिका अशी लिहा, की जिचा नायक झाडीबोलीत बोलेल. पहिली पाच मिनिटे प्रेक्षक सवयीने हसतील. हसू द्या. सहाव्या मिनिटाला मंडपात शांतता पसरेल, तेव्हा ही बोली विदूषकाच्या जागेवरून उठलेली असेल.