चंद्रपूरचे ८३.८८

२००९ साली केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने दिल्लीच्या आयआयटीबरोबर देशातल्या ८८ औद्योगिक क्षेत्रांचे प्रदूषण मोजले. हवा, पाणी आणि जमीन यांना वेगवेगळे गुण देऊन शंभरपैकी एक आकडा, म्हणजे प्रदूषण निर्देशांक, काढला. सत्तरच्या वर गेलेली ४३ क्षेत्रे अतिप्रदूषित ठरली. चंद्रपूर ८३.८८ गुणांसह देशात चौथे होते.

या निर्देशांकात सरासरी काढत नाहीत, हे आम्हाला फार मोलाचे वाटते. तिन्हींपैकी ज्याची अवस्था सर्वांत वाईट, त्याचे गुण पायाला धरतात. उरलेल्या दोहोंमुळे त्यात भरच पडते, घट कधीच होत नाही. नदी नासलेली असताना ‘हवा तर बरी आहे’ म्हणून कुणालाही सुटता येत नाही. शेतकऱ्याची विहीर सरासरीने गोडी होत नाही, हे इथे गणितानेच मान्य केले आहे.

जानेवारी २०१० मध्ये या क्षेत्रांतल्या नव्या प्रकल्पांच्या पर्यावरण मंजुरीला स्थगिती मिळाली. पुढे ती टप्प्याटप्प्याने उठली. २०१६ मध्ये मोजण्याची पद्धत बदलली. २०१८च्या मोजणीत तारापूर ९३.६९ गुणांनी देशात पहिले आले, तर चंद्रपूर ७६.४१वर उतरले. पण पट्टीच बदलल्यावर चंद्रपूरकरांनी या उतरणीवर विश्वास कसा ठेवायचा? आमची मागणी साधी आहे: पद्धत बदलली, तर जुन्या पद्धतीचा आकडाही शेजारी छापा, आणि दोन्ही आकडे दरवर्षी, मराठीत, प्रत्येक बाधित ग्रामपंचायतीच्या फलकावर लावा.