ओटे कुणी पाडले?

रे ब्रॅडबरीच्या ‘द पेडेस्ट्रियन’ (१९५१) या कथेत साल २०५३ आहे. सारं शहर घराघरांत पडद्यासमोर बसलेलं. रात्री पायी फिरणाऱ्या एकुलत्या एका माणसाला पोलिसांची गाडी पकडून नेते. टीव्हीने माणसं तोडली म्हणणाऱ्यांना ही कथा फार सोयीची. चेन्नईत त्यांच्या हाताशी आणखी एक पुरावा असतो: तिण्णै, म्हणजे घरापुढचा ओटा. मैलापूरच्या गल्ल्यांत संध्याकाळी ओट्यांवर बैठका जमत. १९७५ साली मद्रास दूरदर्शन आलं, १९९३ साली सन टीव्ही, आणि ओटे ओस पडले.

क्रम खरा, कारण खोटं. जागेला सोन्याचा भाव आला, मालकाने घर बिल्डरला दिलं आणि ओट्याच्या जागी मोटारी उभ्या राहिल्या. खुद्द ब्रॅडबरी इतका भाबडा नव्हता. ‘फॅरनहाइट ४५१’मध्ये (१९५३) भिंतीएवढे पडदे आहेतच, पण लोकांनी निवांत बसून बोलू नये, विचार करू नये म्हणून घरांपुढचे ओटे काढून टाकले, असं कादंबरीतल्या क्लॅरिस या मुलीचे काका सांगतात. पडदे सगळ्यांना आठवतात, ओटे कुणालाच नाही.

आणि त्या ओट्यावर बसायचं कोण? वरच्या जातीच्या तिण्णैवर दलिताला जागा नव्हती. २००६पासून तमिळनाडूच्या द्रमुक सरकारने चौदा इंची रंगीत टीव्ही फुकट वाटले, दीड कोटींहून अधिक. मतांसाठीचं आमिष होतं ते. सन टीव्हीचे मालक मुख्यमंत्री करुणानिधींच्या नात्यातले, हेही उघड होतं. तरीही दुसऱ्याच्या दारात ताटकळून सिनेमा पाहणाऱ्या कुटुंबाला स्वतःच्या चटईवर बसता आलं. त्याला एकाकीपणा म्हणायची घाई, ओट्यावर ज्यांचा हक्कच होता त्यांना.

माणसं एकटी पडतात ती पैसे न मोजता बसायची जागा हरवली म्हणून. रविवारी संध्याकाळी मरीना किनाऱ्यावर पाहा. घरी टीव्ही आणि खिशात मोबाइल असलेलीच माणसं सुंडल, म्हणजे उकडलेले चणे, खात वाळूत तासन्‌तास बसलेली दिसतील. २०१९ साली टी. नगरच्या पाँडी बाजारात मोटारींची जागा कमी करून रुंद पदपथ केले, बाकं टाकली. त्यासाठी कुणाला घरचा टीव्ही बंद करावा लागला नाही. मोटारवाल्यांना तेवढं थोडं सरकावं लागलं. आणि टीव्हीला शिव्या घालणाऱ्यांपैकी बरेचजण, माझा अंदाज, मोटारवालेच असतात.