विकायचं नाही, पाडायचं नाही!

बालमित्रांनो, जपानच्या नकाशात तोक्यो आणि क्योतो शोधा बरं. सापडली? तोक्योचं जुनं नाव एदो. या दोन शहरांना जोडणारा डोंगरातला जुना रस्ता म्हणजे नाकासेंदो. लांबी सुमारे ५३० किलोमीटर आणि वाटेत मुक्कामाची ६९ गावं! एदोहून निघालं की बेचाळिसावं गाव त्सुमागो. आज त्याचीच गोष्ट.

जपानचा खरा कारभार तेव्हा शोगुनच्या हाती होता. १६३५ साली त्याने हुकूम काढला, की सरदारांनी आलटून-पालटून एदोत येऊन राहावं. बायकामुलं मात्र कायम एदोतच. म्हणजे ओलीसच की! त्यामुळे सरदारांचे लवाजमे सतत रस्त्यावर असत. ते त्सुमागोत थांबले, की सरदार 'होन्जिन' नावाच्या वाड्यात उतरे. त्याच्या खालोखाल मान 'वाकी-होन्जिन'चा. साध्या वाटसरूंसाठी साध्या खाणावळी. इथले हमाल आणि घोडे सामान पुढच्या गावापर्यंत नेत. तिथून पुढे त्या गावचे घोडे. आणि गंमत पाहा, गावातला रस्ता मुद्दाम काटकोनात वळवलेला. शत्रूला सरळ घुसता येऊ नये म्हणून!

पुढे शोगुन गेले, लवाजमे थांबले. १९११ साली किसो खोऱ्यातून रेल्वे सुरू झाली, पण ती त्सुमागोला बाजूला ठेवून. मुक्कामाला कोण येणार? तरुण मंडळी शहरात गेली, घरं कलली. नवी बांधायला पैसा नव्हता, म्हणून तर जुनी उरली!

१९६८ पासून त्या घरांची दुरुस्ती सुरू झाली, पाहुणे येऊ लागले. मग घरांना भाव येणारच. पण १९७१ साली गावकऱ्यांनी मिळून ठरवलं: घर विकायचं नाही, भाड्याने द्यायचं नाही, पाडायचं नाही. सोपं वाटतं? तुमचं छप्पर गळतंय, शहरातला व्यापारी नोटा मोजायला तयार आहे आणि तुम्ही 'नाही' म्हणायचं! आईबाबांना विचारा, त्यांना जमेल का.

मुख्य रस्त्यावरून विजेचे खांब हलवले, दिवसा मोटारींना बंदी केली. १९७६ साली सरकारनेही गावाला संरक्षण दिलं. आजही त्या घरांत माणसं राहतात, बरं का.

मात्र तिथला होन्जिन जुना समजू नका. तो कधीच पाडला गेला होता. आज दिसतो तो १९९५ साली पुन्हा बांधलेला. वाकी-होन्जिनची इमारत मात्र १८७७ची आहे.